घाशीराम कोतवाल : चक्र आणि ते फिरविणारे हात

१

विजय तेंडुलकर यांच्या ‘घाशीराम कोतवाल’ या नाटकाविषयी मराठीत विपुल लेखन झालेले आहे. त्याची भाषा, त्याचे संगीत, त्याची ऐतिहासिकता, त्याच्यावरील आक्षेप आणि त्या आक्षेपांना दिलेली उत्तरे हे सर्व एकत्र केल्यास एक लहानसे कपाट सहज भरेल. त्याच नावाच्या चित्रपटाविषयी मात्र आपल्याकडे फारच थोडे बोलले गेले. हा चित्रपट १९७६ साली तयार झाला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांनी ‘युक्त’ या नावाची सहकारी संस्था काढून, राष्ट्रीयीकृत बँकेच्या कर्जावर तो निर्माण केला. के. हरिहरन, मणी कौल, सईद मिर्झा आणि कमल स्वरूप अशी चार नावे त्याच्या दिग्दर्शनाशी निगडित आहेत. पटकथा तेंडुलकरांचीच, संगीत नाटकाप्रमाणेच भास्कर चंदावरकरांचे. नाना फडणविसांची भूमिका रंगभूमीवर ज्यांनी गाजविली त्या मोहन आगाशे यांनीच ती पडद्यावरही केली, आणि घाशीरामाच्या भूमिकेत ओम पुरी हे नट दिसले.

नाटकाच्या वाट्याला जी प्रसिद्धी आली, तिचा लहानसा अंशही या चित्रपटाच्या वाट्याला आला नाही. पुढे तर त्याची चांगली प्रत पाहावयास मिळणेही दुरापास्त झाले. बर्लिन येथील ‘आर्सेनल’ या चित्रपटसंस्थेच्या संग्रहात एक प्रत टिकून राहिली होती. तिच्या आधारे त्याचा जीर्णोद्धार झाला, आणि २०१४ साली तो बर्लिनच्या महोत्सवात पुन्हा दाखविण्यात आला. पुण्याची कथा, पुण्याचे नट, पुण्यात शिकलेले दिग्दर्शक, आणि प्रत सापडावी ती मात्र बर्लिनमध्ये, यावर वेगळे भाष्य करण्याची गरज नाही.

हा चित्रपट इतिहासाच्या पुनरावृत्तीविषयी आहे, असे त्याच्याविषयी सामान्यतः म्हटले जाते. ते खरेच आहे. परंतु पुनरावृत्तीविषयी तो जे सांगतो ते आपल्या नेहमीच्या समजुतीहून निराळे आहे. इतकेच नव्हे, तर ज्या नाटकावरून तो निघाला त्या नाटकाच्या सांगण्याहूनही काहीसे निराळे आहे, असे मला वाटते. ते निराळेपण कशात आहे हे पाहणे, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

२

कालचक्राची कल्पना आपल्या हाडीमांसी खिळलेली आहे. चार युगे फिरून फिरून येतात हे आपण बालपणापासून ऐकतो. मेघदूतातील यक्षाने माणसाच्या दशेला चाकाच्या धावेची उपमा दिली, ती आपणांस आपल्याच घरातल्या वडीलधाऱ्याच्या बोलण्याइतकी परिचयाची वाटते. आणि ही कल्पना केवळ आपलीच आहे असेही नाही. चौदाव्या शतकात इब्न खल्दून या अरब इतिहासकाराने राजवंशांचे आयुर्मान सांगितले. पहिली पिढी कष्टाने राज्य मिळविते, पुढली ते सांभाळते, आणि नंतरच्या पिढ्या उपभोगात ते घालवून बसतात, असा त्याच्या विवेचनाचा सारांश आहे. आम्हां हैदराबादकरांना हे समजण्यासाठी ग्रंथ उघडावा लागत नाही. गोवळकोंड्याच्या किल्ल्याजवळ कुतुबशाही सुलतानांचे घुमट उभे आहेत. ते पाहून पुढे गेले की, १६८७ मध्ये मोगलांच्या हाती पडलेला किल्ला दिसतो. आणि गावात परत आले की, १७२४ ते १९४८ एवढ्या काळात आपला उदय आणि अस्त दोन्ही पाहिलेल्या आसफजाही घराण्याच्या इमारती दिसतात. सुटीच्या एका दिवसात चाकाचे दोन फेरे डोळ्यांखालून जातात.

ही कल्पना जितकी भव्य तितकीच ती सोयीची आहे, हे मात्र सहसा ध्यानात येत नाही. चाक फिरते म्हटले की, ते फिरविणारा कोणी उरत नाही. ‘असेच चालायचे’ असे म्हणून आपण निःश्वास टाकतो, आणि त्या निःश्वासात दुःखापेक्षा सुटकाच अधिक असते.

चित्रपटाच्या इतिहासात या कल्पनेचा सर्वांत प्रचंड आविष्कार म्हणजे अमेरिकन दिग्दर्शक ग्रिफिथ याचा १९१६ चा ‘इन्टॉलरन्स’ हा मूकपट होय. बाबिलोनचा पाडाव, येशूचे क्रूसारोहण, १५७२ साली फ्रान्समध्ये झालेली प्रॉटेस्टंटांची कत्तल आणि ग्रिफिथच्या स्वतःच्या काळातील एका निरपराध अमेरिकन तरुणाला झालेली फाशीची शिक्षा, अशा चार कथा त्याने एकमेकींत गुंफल्या. एका शतकातून दुसऱ्या शतकात कॅमेरा क्षणार्धात उडी घेतो. मधून मधून पाळणा हलविणारी एक स्त्री दिसते. शेवटाकडे या उड्या अशा वेगाने होऊ लागतात की, चारही काळ एकच काळ वाटू लागतात. चित्रपटकलेला ग्रिफिथने दिलेली ही देणगी अपूर्वच आहे. पण तिचा अर्थ काय होतो? असहिष्णुता ही एक अदृश्य शक्ती असून ती युगायुगांतून वाहते आहे, असे प्रेक्षकास वाटते. बाबिलोनच्या धर्मगुरूचा आणि अमेरिकेतील कारखानदाराचा संबंध कोणता, हे चित्रपट दाखवीत नाही. तो फक्त एकापुढे एक चित्र ठेवतो आणि त्या दोहोंमधील कातरीच्या घावाने साम्य सिद्ध झाले असे मानतो. अखेरीस उपायही तसाच अधांतरी येतो. तुरुंगाच्या भिंती विरून जातात आणि आकाशातून दिव्य प्रकाश उतरतो. जेथे चक्र आपोआप फिरते, तेथे ते थांबावयाचे तर तेही आपोआपच थांबले पाहिजे!

‘घाशीराम कोतवाल’ हा चित्रपट नेमका याच्या उलट मार्गाने गेला आहे. त्याने अनेक शतके घेतली नाहीत, एकच शहर घेतले. आणि आपले शेवटचे म्हणणे त्याने कातरीने सांगितले नाही. कातर बाजूस ठेवून सांगितले.

३

कथानक बहुतेक वाचकांस ठाऊक आहे. तरी अनुसंधानासाठी ते थोडक्यात सांगतो. कनोजहून पोट भरण्यासाठी पुण्यास आलेला ब्राह्मण घाशीराम बावनखणीत नाचगाण्यास साथ करतो, नानांनी दिलेली बक्षिशी त्याच्याकडून हिसकावून घेतली जाते, दक्षिणेच्या गर्दीत त्याच्यावर चोरीचा आळ येतो, आणि मार खाऊन, अपमानित होऊन तो गावाबाहेर फेकला जातो. सूडाची प्रतिज्ञा करून तो परततो आणि आपली मुलगी ललितागौरी नानांपुढे करतो. तिच्या मोबदल्यात त्याला पुण्याची कोतवाली मिळते. मग परवान्यांचा आणि छळाचा काळ सुरू होतो. मुलगी मरते. परगावच्या ब्राह्मणांना कोठडीत कोंडले जाते, ते गुदमरून मरतात, गाव खवळते. नाना एका कागदावर सही करतात. ज्या हाताने कोतवाल नेमला त्याच हाताने तो लोकांच्या स्वाधीन केला जातो. लोक त्याला ठेचून मारतात, आणि नाना उत्सवाची आज्ञा देतात.

येथे चक्र उघड दिसते. सत्ता आपल्या सोयीसाठी एक माणूस निर्माण करते, त्याच्याकडून नको ती कामे करवून घेते, आणि तो जड झाला की त्याचाच बळी देऊन स्वतः स्वच्छ होते. म्हणूनच प्रत्येक दशकाला या कथेत आपापला घाशीराम दिसत आला. कोणी तीत मुंबईतील शिवसेनेचा उदय पाहिला, कोणी आणीबाणी पाहिली, कोणी १९८० नंतरचे पंजाब पाहिले. चित्रपट तर आणीबाणी चालू असतानाच निर्माण झाला. त्या काळातील प्रेक्षकास परवान्यांच्या राज्याचा अर्थ समजावून सांगण्याची आवश्यकता नव्हती.

नाटकाच्या प्रयोगाचा आत्मा म्हणजे ब्राह्मणांची ती प्रसिद्ध रांग, तो ‘मानवी पडदा’. बारा माणसे एका ओळीत डोलतात, गातात, भिंत होतात, रस्ता होतात, प्रेक्षकांकडे पाठ करून काही झाकतात आणि पुन्हा वळून काही उघड करतात. जब्बार पटेल यांचे दिग्दर्शन, चंदावरकरांचे संगीत आणि कृष्णदेव मुळगुंद यांची नृत्ययोजना यांच्या संगमातून ती एक विलक्षण गोष्ट उभी राहिली. पण तिच्यातच नाटकाचा एक धोकाही आहे. ती रांग इतकी सुंदर आहे की, चक्राचा फेरा प्रेक्षकाला तालाच्या फेऱ्यासारखा वाटू लागतो. समेवर आल्याचे जे समाधान असते, ते घाशीरामाच्या मृत्यूलाही लाभते. मी स्वतः हा प्रयोग पाहून बाहेर पडलो तेव्हा चाली गुणगुणत होतो. कोणी मेले होते, याची आठवण घरी गेल्यावर झाली.

चित्रपटात हा धोका टळतो, आणि तो का टळतो याचे कारण माध्यमाच्या स्वभावात आहे. रंगमंचावरील मानवी भिंतीला एकच दर्शनी बाजू असते. प्रेक्षक आपल्या खुर्चीवरून उठून तिच्या मागे जाऊ शकत नाही. कॅमेरा जाऊ शकतो. भिंतीच्या मागे गेलेल्या डोळ्याला ती भिंत दिसत नाही, माणसे दिसतात : कोणाच्या मानेवरचा घाम, कोणाचे शेजाऱ्याकडे चोरून पाहणे, कोणाचा पुढे येण्यास कचरणारा पाय. समूहाचे एकच एक तोंड तुटून अनेक तोंडे होतात.

या दृष्टीने चित्रपटाच्या अखेरीचे, सुमारे दहा मिनिटांचे, कोठेही न तोडलेले दृश्य मला सर्वांत महत्त्वाचे वाटते. पस्तीस मिलिमीटरच्या हजार फुटी रिळात सुमारे अकरा मिनिटांचे चित्रण मावते. म्हणजे जवळजवळ एक संपूर्ण रीळ एका दमात वापरण्यात आले आहे. हंगेरीचे दिग्दर्शक मिक्लोश यांचो यांची पद्धती या तरुणांपुढे असावी. त्यांचा १९७२ चा ‘रेड साम’ हा संपूर्ण चित्रपट तीसहून कमी तुकड्यांत घेतलेला आहे. अनुकरणाचा आरोप येथे करता येईल. पण तंत्र कोठून घेतले यापेक्षा ते कशासाठी राबविले, हा प्रश्न अधिक मोलाचा आहे.

तुकडे पाडून दाखविलेल्या दृश्यात कार्य आणि कारण यांच्यामध्ये एक फट राहते. हात उचललेला दिसतो, मग कपाळावरचे रक्त दिसते. मधला क्षण आपण कल्पनेने भरतो आणि पुढे सरकतो. अखंड दृश्यात ही फट मिळत नाही. आज्ञा देणारा, ती ऐकणारा, ऐकून धावणारा, धावताना दुसऱ्यास ओढणारा आणि बाजूला उभा राहून पाहणारा हे सर्व एकाच काळात, एकाच जागेत राहतात. कोणालाही चौकटीबाहेर पळून निर्दोष होता येत नाही, कारण कॅमेरा केव्हाही त्याच्याकडे वळू शकतो. आणि प्रेक्षकालाही दुसरीकडे पाहण्याची संधी मिळत नाही. नाटकात जे समेवर येऊन थांबते ते येथे थांबतच नाही. सोबत बसलेल्या माझ्या एका माजी विद्यार्थ्याने चित्रपट संपल्यावर विचारले, “सर, शेवटी दगड घेऊन धावणारे आणि पहिल्यांदा दक्षिणेसाठी गर्दी करणारे हे तेच लोक ना?” प्रश्न साधा होता, पण माझ्या मते चित्रपटाचे सारे प्रयोजन त्यात आले.

ग्रिफिथची कातर म्हणते की, हे पुन्हा घडले. हे अखंड दृश्य दाखविते की, हे पुन्हा कसे घडविले जाते. पहिल्या विधानात चक्राचे दर्शन आहे, दुसऱ्यात चक्र फिरविणाऱ्या हातांचे.

४

आता इतिहासाकडे पाहू. तेंडुलकरांनी आपले नाटक ऐतिहासिक नसल्याचे स्पष्ट सांगितलेले होते. तरीही नाना फडणविसांच्या चित्रणाविषयी तीव्र वाद झाला. १६ डिसेंबर १९७२ रोजी पुण्यात नाटक रंगभूमीवर आले, एकोणीस प्रयोगांनंतर ते थांबविण्यात आले, आणि त्यातील कलावंतांनी थिएटर ॲकॅडमी ही नवी संस्था काढून १९७४ साली ते पुन्हा सुरू केले. आक्षेप घेणाऱ्यांचे एक म्हणणे न्याय्य होते, हे मान्य केले पाहिजे. नाना हे उत्तर पेशवाईतील असाधारण कर्तृत्वाचे मुत्सद्दी होते, आणि या कथेतील नाना म्हणजे ते नव्हेत. मुलीच्या सौद्याला इतिहासाचा भक्कम आधार नाही. इतिहासातील घाशीराम सावळदास हा मूळचा उत्तरेकडील असला तरी औरंगाबादेहून आलेला. म्हणजे निजामाच्या मुलखातला. १७७७ पासून तो पुण्याचा कोतवाल होता. ऑगस्ट १७९१ च्या अखेरीस, श्रावणातल्या दक्षिणेसाठी आलेल्या तेलंगी ब्राह्मणांना एका अरुंद कोठडीत डांबले गेले, त्यांपैकी वीसहून अधिक गुदमरून मेले, आणि क्षुब्ध जमावाने घाशीरामाला दगडांनी मारले. एवढा भाग इतिहासाचा आहे. मराठीत या नावाचे पुस्तक मोरोबा कान्होबा यांनी १८६३ सालीच लिहिले होते. कोतवाल मेला, पण त्याची कथा मरावयास तयार नव्हती.

त्या कोठडीत मेलेले ब्राह्मण तेलंगी होते, ही गोष्ट हैदराबादेतील मराठी वाचकाला विशेष जाणवल्याखेरीज राहणार नाही. ज्या प्रदेशात आपण पिढ्यान् पिढ्या राहिलो, ज्यांच्या शेजारी आपण घरे बांधली, त्यांचे पूर्वज पुण्याच्या एका अंधाऱ्या खोलीत हवेवाचून मेले. मारणारा आमच्या औरंगाबादेचा, मरणारे आमच्या शेजारचे, आणि दोघेही पुण्यात परके! नाटकाने आणि चित्रपटाने या परकेपणावर भर दिला तो योग्यच होता. गावातल्या माणसावर जे लादता येत नाही ते करवून घेण्यासाठी सत्तेला परका माणूस लागतो. आणि ते फेडावयाची वेळ आली की, परक्याचा बळी देणे सोपे जाते. बहुतांशी पुण्याच्या नाट्यसंचातल्या मंडळींमध्ये ओम पुरी हे पंजाबी नट उभे राहिले की, काही न बोलताही ही गोष्ट दिसते.

पण इतिहास येथेच थांबला असता तर चक्राची चर्चा करण्याचे कारण नव्हते. घाशीरामाच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी, १७९५ मध्ये, खर्ड्याच्या लढाईत निजामाचा पराभव झाला आणि नानांचे वैभव शिखरास पोहोचले. १७९७ च्या अखेरीस तेच नाना दौलतराव शिंद्यांच्या कैदेत पडले आणि अहमदनगरच्या किल्ल्यात गेले. आणि १७९८ मध्ये पुण्याने काय पाहिले? कागलच्या सर्जेराव घाटग्यांनी आपली कन्या बायजाबाई दौलतरावांना दिली. त्या सोयरिकीबरोबर शिंद्यांची दिवाणगिरी त्यांच्याकडे आली. आणि पैसा उभा करण्यासाठी त्यांनी पुण्याच्या सावकारांवर व प्रतिष्ठितांवर असे अत्याचार केले की, घाशीरामाचे नाव फिके पडावे. पुढे हे सर्जेरावही १८०९ साली मारले गेले. ते लग्न राजरोस विवाह होता, नाटकातला तो सौदा नव्हे, आणि बायजाबाई स्वतः पुढे कर्तबगार राज्यकर्त्या ठरल्या, हा भेद सांगितलाच पाहिजे. तरीही कन्या, पद आणि पुण्यावरील जुलूम हे तीन दुवे त्याच क्रमाने पुन्हा आले. घाशीरामाच्या बाबतीत जी दंतकथा होती, ती सात वर्षांच्या आत दुसऱ्याच्या बाबतीत इतिहास झाली.

हे कसे घडले? घाशीरामाला मारून पुण्याने एक माणूस काढून टाकला होता. ती जागा काढली नव्हती. जो अधिकार कोणालाही जाब न देता वापरता येत होता तो तसाच राहिला, त्याला पैशाची निकड तशीच राहिली, आणि तो देणारे हात तेवढे बदलले. म्हणून दुसरा माणूस येऊन त्या जागेवर बसला. १७९१ मध्ये दगड उचलणाऱ्यांपैकी काहींची घरे १७९८ मध्ये लुटली गेली असतील, अशी कल्पना केल्यास ती वावगी ठरणार नाही. आणि या सर्व काळात पुण्याच्या दरबारी बसलेला चार्ल्स मॅलेट हा ब्रिटिश वकील, आणि त्याच्यामागून येणारे, हे पाहत होते, लिहून ठेवीत होते. १८०२ च्या अखेरीस वसईचा तह झाला, १८१८ मध्ये पेशवाई बुडाली. एका गावाला प्रत्येक वेळी केवळ कोतवाल बदलण्याची सवय लागली की, शेवटी कोतवाल नेमण्याचा अधिकारच दुसऱ्याकडे जातो.

५

चित्रपटाचे दोष झाकण्याचे कारण नाही. तो कठीण आहे, आणि कित्येक ठिकाणी तो विनाकारण कठीण आहे. ज्याने नाटक पाहिले वा वाचलेले नाही त्याला प्रसंगांचे दुवे जुळविताना बरेच श्रम पडतात. चार दिग्दर्शकांचा हात लागल्याने एकाच चित्रपटात निरनिराळ्या वृत्ती वावरताना जाणवतात. कोठे विचार थंड आणि शिस्तबद्ध आहे, कोठे तो घोषणेच्या जवळ जातो. ललितागौरीवर तर नाटकाने जो अन्याय केला तोच येथेही दूर झालेला नाही. सगळे चक्र जिच्या आसाभोवती फिरते ती मुलगी जवळजवळ मुकीच राहते. चक्र फिरविणाऱ्या हातांचा शोध घेणाऱ्या कलाकृतीने चाकाखाली सापडलेल्या माणसाकडेही तितक्याच स्थिरपणे पाहावयास हवे होते. अखेरच्या दृश्याला दिलेल्या दहा मिनिटांपैकी दोन जरी तिच्या वाट्याला आली असती, तरी चित्रपटाचे म्हणणे अधिक पूर्ण झाले असते.

परंतु हे दोष मान्य करूनही हा चित्रपट मराठी माणसाने पाहावा असे मी आग्रहाने म्हणतो, आणि त्याचे कारण केवळ वाङ्मयीन नाही.

मी आयुष्यभर शाळेत इतिहास शिकविला. ‘इतिहासाची पुनरावृत्ती होते’ हे वाक्य ज्या मुलाने उत्तराच्या शेवटी लिहिले त्याला मी तीस वर्षे एक गुण अधिक देत आलो. ते वाक्य मीच त्यांना शिकविलेले होते. हा चित्रपट पाहून परतताना त्या गुणांचा हिशेब प्रथमच माझ्या मनात आला, आणि त्याबरोबर एक जुनी गोष्टही आली.

मुख्याध्यापक झालो त्याच्या पहिल्या-दुसऱ्या वर्षातली ती गोष्ट. मधल्या सुटीत फार गोंधळ होई. दहावीतला एक थोराड मुलगा होता. अभ्यासात मागे, वर्गात त्याची थट्टा होई. मी त्याच्या सदऱ्याला शिस्तप्रमुखाचा बिल्ला लावला. आठवड्याभरात पटांगण शांत झाले. शिक्षक माझे कौतुक करू लागले. मुले त्याच्या पुढे का कापतात हे मी विचारले नाही. शांतता मला हवी होती आणि ती मिळत होती. एप्रिलमध्ये एका दुपारी त्याने सहावीतल्या एका मुलाला खेळाच्या सामानाच्या खोलीत कोंडले आणि तो विसरून गेला. तासाभराने कोणीतरी दार उघडले. मुलगा घामाने निथळत होता, बोलू शकत नव्हता. सुदैवाने त्याला पुढे काही झाले नाही. दुसऱ्या दिवशी पालक जमले. मी प्रार्थनेच्या वेळी, सर्व शाळेसमोर, त्या शिस्तप्रमुखाचा बिल्ला काढून घेतला. मुलांनी टाळ्या वाजविल्या. पालकांनी माझे आभार मानले. बिल्ला काढताना तो मुलगा माझ्याकडे पाहत होता. वर्ष संपल्यावर तो परीक्षेस बसला नाही, आणि पुन्हा कधी दिसला नाही. त्या जागी मी दुसरा मुलगा नेमला.

बिल्ला कोणी लावला, हे त्या दिवशी कोणीही विचारले नाही. मीही नाही.

ही गोष्ट मी नानांच्या शेजारी बसण्यासाठी सांगितलेली नाही; तेवढी माझी योग्यता नाही. चक्राविषयीचा चित्रपट कशासाठी करावयाचा असतो हे मला तिच्यामुळे समजले, म्हणून ती सांगितली. जो चित्रपट पाहून प्रेक्षक ‘सगळीकडे हेच चालते’ असे म्हणत घरी जातो, तो कितीही भव्य असला तरी त्याने प्रेक्षकाला मोकळे सोडले असे होते. ‘घाशीराम कोतवाल’ आपल्याला मोकळे सोडीत नाही. तो दहा मिनिटे आपल्याला त्या गर्दीत उभे करतो, आणि आपला हात रिकामा आहे की नाही हे पाहावयास लावतो.

आता माझ्या निवृत्तीस थोडीच वर्षे उरली आहेत. नववीच्या वर्गात उत्तर पेशवाईचा विषय निघाला की, मी ते जुने वाक्य सांगत नाही. मुलांना एवढेच लिहावयास सांगतो की, घाशीरामाला कोणी नेमले, का नेमले, त्याच्या कारभाराचा फायदा कोणाला झाला, आणि तो मेल्यावर ती जागा कोणाकडे गेली. बहुतेक मुलांना पहिल्या तीन प्रश्नांची उत्तरे येतात. चौथ्या प्रश्नापुढे ती थांबतात. त्यांनी तेथे थांबावे, आणि थोडा वेळ थांबून राहावे, अशी माझी इच्छा असते.